स्थळ, जागा, ठिकाण

मागच्या पावसाळ्यात हातात काम फारसं नव्हतं म्हणून मी एक विचित्र काम घेतलं, पिक्चरची वर्णनं बदलून द्यायचं. म्हणजे मोबाईलवर एखादा पिक्चर लावायच्या आधी नावाखाली ते चार ओळींचं कायतरी येतं ना, जे आपण नीट वाचतही नाही आणि तरी त्यावरूनच ठरवतो बघायचा का नाही, ते. ते कुणीतरी आधी लिहिलेलं असतं, दुसऱ्याला ते जसंच्या तसं उचलता येत नाही, मग माझ्यासारखीला पकडून सांगतात की हेच लिहा पण हे लिहू नका. साठ शब्द, चार आवृत्त्या, शब्दाला पन्नास पैसे, म्हणजे एका पिक्चरचे १२० रुपये, आणि वर अट अशी की एका आवृत्तीतला मेन शब्द दुसरीत दिसता कामा नये. 'समानार्थी शब्द वापरा ना मॅडम, मराठी किती रिच आहे,' असं काम देणारा मुलगा फोनवर म्हणाला. मी लगेच हो म्हणाले, कारण आईनं आयुष्यभर शाळेत मराठी शिकवलं, समानार्थी शब्द आमच्या घरात भाजीसारखे निवडले जायचे, हे आपल्याला जमणारच असं मला वाटलं.

पहिलाच पिक्चर आला 'मुंबई-पुणे-मुंबई'. म्हटलं चला, सोपंय. २०१० चा, सतीश राजवाडेंचा, स्वप्नील जोशी आणि मुक्ता बर्वे, माझ्या वयाच्या माणसांनी इतक्या वेळा बघितलाय की गोष्ट सांगायला साठ शब्द जास्तच होतात. मुंबईची मुलगी लग्नाचं आलेलं स्थळ नाकारायला पुण्याला येते, एक पुणेकर मुलगा भेटतो, दोघं दिवसभर फिरतात, आपापल्या शहरावरून भांडतात आणि भांडता भांडता जे व्हायचं ते होतं. संपलं. (मी सांगलीची, त्यामुळे मुंबई भारी का पुणे भारी ह्यात मला मत नाही. आम्हाला दोन्हीकडचे सारखेच शिष्ट वाटतात.)

पहिली आवृत्ती दहा मिनिटांत झाली. दुसरीला बसले आणि पहिल्याच शब्दाला अडकले. 'मुलगी'.

ह्या पिक्चरची गंमत अशी की पहिल्या भागात त्या दोघांना नावंच नाहीत. गौतम आणि गौरी ही नावं आपल्याला कळली ती २०१५ च्या दुसऱ्या भागात. तोवर ती मुंबईची मुलगी आणि तो पुण्याचा मुलगा, आणि बघताना ते इतकं बरोबर वाटतं की नाव विचारावंसंही वाटत नाही. पण माझी पंचाईत झाली. एरवी नाव टाकून सुटता येतं, इथं मुलगा आणि मुलगी एवढंच भांडवल, आणि ते पहिल्या साठ शब्दांत खर्चून बसलेले.

मग 'तरुणी' लिहिलं. तरुणी हा शब्द मी तोंडानं आयुष्यात कधी उच्चारलेला नाही, तो पेपरात असतो, आणि पेपरात तरुणी आली की तिचं काही बरं झालेलं नसतं. युवक-युवती लिहिलं तर मेळावा भरल्यासारखं वाटायला लागलं, युवक म्हटला की त्याच्या गळ्यात कुठल्यातरी पक्षाचं उपरणं येतंच. पोरगा-पोरगी हे आमच्याकडचं, बोलायला एकदम झकास, पण 'मुंबईची पोरगी' म्हटलं की पोरगीच्या आधी ते बोलणारा माणूस दिसायला लागतो, पारावर बसलेला. शेवटी वैतागून मी 'एक महिला एका अनोळखी इसमासोबत संपूर्ण दिवस घालवते' असं टाईप केलं आणि एकटीच हसत सुटले. गोष्ट तीच, एक अक्षर खोटं नाही, पण पिक्चर पार बदलला, आता ह्यात संध्याकाळपर्यंत पोलीस येणार.

'पिक्चर'चंही तेच. पिक्चर आपण बघायला जातो, तिकीट काढून, मित्रमैत्रिणींबरोबर. सिनेमा बाबा बघतात. आणि चित्रपटाला पुरस्कार मिळतो. चित्रपट, दिग्दर्शक ह्या शब्दांचं श्रेय सावरकरांना दिलं जातं, चांगलेच शब्द आहेत, पण 'चल गं, चित्रपटाला जाऊ' असं मला आजवर कुणी म्हटलेलं नाही आणि म्हणालाच कुणी तर मी त्याच्याबरोबर जाईन का, शंकाच आहे.

त्या मुलाला फोन करून अडचण सांगितली. तो म्हणाला, 'मॅडम एवढं काय त्यात, टूल आहे की,' आणि लिंक पाठवली. एका चौकोनात आपला मजकूर टाकायचा, बटण दाबायचं, दुसऱ्या चौकोनात शब्द बदललेला मजकूर येतो. मी माझी पहिली आवृत्ती टाकली. 'हलकीफुलकी विनोदी प्रेमकथा' चं त्यानं केलं 'कमी वजनाची हास्यास्पद प्रणयकथा'. 'दोघांचा एकमेकांवर जीव जडतो' ह्याचं 'उभयतांचे प्राण परस्परांवर जड होतात', जे वाचून मला थेट आयसीयूच दिसला. 'खट्याळ' मुलगा 'उपद्रवी' झाला. आणि 'मुंबईची मुलगी स्थळ नाकारायला पुण्याला येते' ह्याचं झालं 'मुंबई येथील कन्या जागा नाकारण्यासाठी पुणे येथे आगमन करते'.

जागा! मला डोळ्यांपुढे ती मुक्ता बर्वे कोथरूडमध्ये वन बीएचके बघताना दिसली, पार्किंग नाही, पाणी एक वेळ, नको मग. मी स्क्रीनशॉट मैत्रिणींच्या ग्रुपवर टाकला, पुढे चार दिवस तिथं 'तुझ्या भावाला जागा आली का गं', 'जागा चांगली आहे पण पत्रिका जुळत नाही' असलंच चाललं होतं. आईलाही पाठवला. तिचा रिप्लाय म्हणजे व्हॉइस मेसेजच असतो, टाईप करायचा तिला कंटाळा. म्हणाली, 'हसू नको त्याला. स्थळ म्हणजे जागाच. जागा, ठिकाण, स्थान. पाचवीच्या पोरानं लिहिलं असतं तर मी दोन मार्क दिले असते.' मग जरा थांबून, 'पण समानार्थी म्हणजे तोच अर्थ नव्हे गं. दोन मार्कांपुरता तोच अर्थ.'

हे तिचं बरोबर आहे. शाळेत कमळ म्हणजे पंकज, नीरज, सरोज असं आपण घोकायचो, सूर्य म्हणजे रवी, भास्कर, दिनकर, आणि आमच्या वर्गात पंकज होता, नीरज होता, मागच्या बाकावर रवी होता, ते तिघं एकमेकांच्या जागी कधीही चालले नसते, रवीला सूर्य म्हणायचं तर तो नऊच्या आधी उगवायचाच नाही.

असलं फक्त आपल्याकडेच होतं असं समजू नका. २०२१ मध्ये गियोम काबानाक ह्या फ्रेंच संगणकशास्त्रज्ञानं आणि त्यांच्या दोन सहकाऱ्यांनी विज्ञानाच्या छापून आलेल्या लेखांमध्ये असे शब्द शोधून काढले, त्यांना त्यांनी नाव दिलं 'टॉर्चर्ड फ्रेझेस', म्हणजे छळ केलेले शब्द म्हणा ना. लोकांनी दुसऱ्याचे लेख उचलले, पकडले जाऊ नये म्हणून असल्याच टूलमधून काढले, आणि 'आर्टिफिशियल इंटेलिजन्स' चं 'काउंटरफिट कॉन्शसनेस' झालं, 'ब्रेस्ट कॅन्सर' चं 'बुझम पेरिल'. बुझम पेरिल! मराठीत केलं तर वक्षसंकट की काय होईल. आणि हे डॉक्टर-इंजिनिअर लोकांच्या नियतकालिकांत, तपासणाऱ्यांच्या नजरेखालून गेलेलं. तिथं निदान आजार मोजता येतो, रिपोर्ट असतो, एखादा शब्द वाकडा झाला तरी आकडे सांगतात काय झालंय ते. आमच्या धंद्यात आकडेच नाहीत. मुलगा, मुलगी, भेट, भांडण, होकार. असल्या पिक्चरला गोष्ट अशी नसतेच, शेवट पोस्टरवरच दिसत असतो, दोघं पाठीला पाठ लावून उभे असले की समजायचं. मग बघायला जातो कशाला आपण? ते भांडतात कसं हे ऐकायला. म्हणजे जे काय आहे ते शब्दातच आहे, आणि मला सांगितलेलं की शब्द तेवढे काढून टाक, बाकी ठेव.

कायदा मात्र उलटं सांगतो, हे मला ह्याच निमित्तानं कळलं. गोष्टीची कल्पना कुणाच्या मालकीची नसते, ती सांगायची तऱ्हा असते. १९७८ मध्ये सुप्रीम कोर्टात आर. जी. आनंद विरुद्ध डीलक्स फिल्म्स असा निकाल लागला, त्यात आनंद ह्यांचं म्हणणं होतं की 'न्यू दिल्ली' ह्या १९५६ च्या पिक्चरनं त्यांचं 'हम हिंदुस्तानी' हे नाटक चोरलं. आणि दोन्हीकडे होतं काय? एक पंजाबी घर, एक मद्रासी घर, त्यांची पोरं एकमेकांच्या प्रेमात, आणि घरच्यांचं आमचे-तुमचे. कोर्टानं सांगितलं की प्रांतवाद आणि त्यातून होणारं प्रेमाचं त्रांगडं हा विषय कुणीही घ्यावा, मांडणी वेगळी आहे, चोरी नाही. म्हणजे सुप्रीम कोर्टाच्या न्यायमूर्तींनी बसून शांतपणे दोन लव्हस्टोऱ्या शेजारी शेजारी ठेवून वाचल्या, आणि ठरवलं की गोष्ट एक असली तरी पिक्चर दोन आहेत. मला हे फार आवडलं. पंजाब-मद्रासच्या जागी मुंबई-पुणे ठेवा, एक्स्प्रेसवे टाका, झालं काम.

आणि आमच्या सांगलीकरांनी हे फार आधी करून ठेवलंय. सांगलीला खेटून हरिपूर आहे, कृष्णा-वारणेच्या संगमावरचं, तिथले गोविंद बल्लाळ देवल. त्यांनी आर्थर मर्फीचं 'ऑल इन द राँग' हे १७६१ चं इंग्रजी नाटक घेतलं, जे मुळात मोलिएरच्या फ्रेंच नाटकावरून निघालेलं, आणि त्याचं केलं 'फाल्गुनराव अथवा तसबिरीचा घोटाळा', आणि नंतर त्यात पदं घालून १९१६ चं 'संगीत संशयकल्लोळ'. आता ह्याला म्हणतात शब्द बदलणं! फ्रान्समधून लंडन, लंडनमधून हरिपूर, आणि पोचेपर्यंत त्यातला बुवा असा काही फाल्गुनराव झाला की त्याला मुळात दुसरं नाव होतं हे कुणाला सांगितलं तर खोटं वाटेल. पुरुषांना महिन्यांची नावं, फाल्गुनराव, अश्विनशेठ, नोकर तो भादव्या. बायकांना नक्षत्रांची, कृत्तिका, रेवती. रस्त्यात रेवतीला भोवळ येते, फाल्गुनराव तिला सावरतो, ते कृत्तिका बघते, आणि रेवतीच्या हातून पडलेली अश्विनशेठची तसबीर कृत्तिकेच्या हातात येते ती फाल्गुनराव बघतो, पुढे मग काय, घोटाळाच. ती 'तसबीर' बदलून बघा. चित्र? छायाचित्र? 'छायाचित्राचा गोंधळ' म्हटलं तर आधार कार्डावर भलताच फोटो आलाय असं वाटतं. देवलांनी टूलसारखं शब्दाला शब्द ठेवला असता तर फाल्गुनराव आज कुणाला ठाऊक नसता.

असो, मी १२० रुपयांसाठी बसले होते, देवलांशी स्पर्धा नव्हती.

दुसरी आवृत्ती मी कशीबशी 'ती' आणि 'तो' वर ओढली. तिसरीला 'विनोदी' नको होतं, ते पहिलीत झालेलं. तेव्हा लक्षात आलं की विनोदाबद्दल बोलायचं म्हटलं की आपण थेट स्वयंपाकघरात जातो. पेपरातली परीक्षणं आठवा. पिक्चर चांगला असला की खुसखुशीत, म्हणजे करंजी. संवाद चटपटीत, म्हणजे भेळ. किस्सा खमंग. नातं आंबटगोड. विनोद फसला की पांचट, जुना असला की शिळा, आणि नुसताच 'आंबट' म्हटला की तो घरच्यांबरोबर बघायचा नाही एवढं आपोआप कळतं, त्याला वेगळं सर्टिफिकेट लागत नाही. आंबटगोड आणि आंबट ह्यात केवढं अंतर, नुसता गोड काढून घेतला तर पिक्चर रात्री अकराला ढकलावा लागतो. मी 'खुसखुशीत' टाकलं. मग वाटलं सगळेच टाकतात. मग 'मुरलेल्या लोणच्यासारखी' लिहिलं आणि खोडलं, एका दिवसात लोणचं मुरत नाही, पिक्चर तर एका दिवसाचा.

पण खरी वाट लागली ती 'प्रेम' ला. तो शब्दही पहिल्याच आवृत्तीत उधळलेला, आणि वहीत मी उरलेल्यांची यादी केली तर एकही कामाचा निघेना. प्रीती आणि अनुराग ही आता माणसांची नावं झालीत. स्नेह म्हटलं की संमेलन किंवा भोजन. जिव्हाळा हे बंगल्याचं नाव आहे, प्रत्येक गावात एक तरी, गेटवर संगमरवरात. माया आजीची असते, आणि नोकरदाराची असली तर ती बेहिशेबी असते. लोभ फक्त पत्राच्या शेवटी असावा, इतर कुठंही असला तर वाईट. प्रणय म्हटला की दार लागलं. एका प्रेमाला एवढे शब्द, आणि मुंबईच्या मुलीला पुण्याच्या मुलाबद्दल दुपारी साडेतीनच्या सुमारास जे वाटायला लागतं त्याला एकही नाही.

क्रियापदं जरा बरी. जीव लागतो, जीव जडतो, मन बसतं, सूत जुळतं, एखादा लट्टू होतो, एखादी भाळते. पण 'लट्टू' त्याच्या मित्रांनी म्हणायचं, त्यानं स्वतः नाही. 'सूत जुळलं' हे बघणाऱ्यानं, आणि तेसुद्धा जरा मान तिरकी करून. 'जीव लागला' हे लग्नाला वीस वर्षं झाल्यावर, किंवा मांजराबद्दल. प्रत्येक शब्द कुणीतरी कुणाबद्दल तरी म्हणायचा आहे, आणि बोलणारा बदलला की शब्द बदलतो, गोष्ट तीच असली तरी.

हे मला कळायला हवं होतं, कारण आमच्या घरात एकच लव्हस्टोरी आहे आणि तिच्या आवृत्त्या मी लहानपणापासून ऐकत आलेय. आईबाबांची. आई आष्ट्याला शाळेत, बाबा इस्लामपूरला ऑफिसात, दोघंही सांगलीहून रोज येऊन-जाऊन करणारे, एकाच यष्टीनं, आष्टा वाटेत. गाडीत ओळख झाली आणि पुढं लग्न झालं, पोटजात वेगळी होती, दोन्हीकडे थोडीफार आदळआपट झाली, एवढं मला माहीत. पण ते सांगायला प्रत्येकाचा शब्द वेगळा. आजी, म्हणजे बाबांची आई, तिला शेवटपर्यंत ते 'प्रकरण' होतं. 'त्याचं ते प्रकरण झालं त्या साली पाऊस चांगला झाला होता,' असं सांगायची, म्हणजे राग गेलेला, शब्द राह्यलेला. आत्या म्हणायची 'भानगड', पण हसून, आणि तिच्या तोंडात ती भानगड इतकी मजेची वाटायची की आपलीही एखादी व्हावी. मामा म्हणतो 'तिनं परस्पर ठरवलं', तो 'परस्पर' अजून टोचतो त्याला. शेजारच्या काकू 'लव्ह मॅरेज' म्हणायच्या, त्यातला लव्ह जरा आवाज उतरवून, जसं कुणी कॅन्सर म्हणताना उतरवतं. बाबा म्हणतात 'ओळखीतून जमलं', जणू मधे कुणी ओळखीचं होतं. आणि माझ्या लग्नाचं बघायला लागले तेव्हा वधू-वर सूचक मंडळातल्या बाई बायोडेटा वाचून आईला म्हणाल्या, 'प्रेमविवाह लिहू नका हो, परिचयोत्तर विवाह लिहा, सभ्य दिसतं.' परिचयोत्तर! परिचयानंतरचा. म्हणजे बाकीच्यांचे विवाह काय परिचयाआधी होतात की काय? हो, होतातच म्हणा.

आई स्वतः काहीच म्हणायची नाही. विचारलं की 'ठरलं' एवढंच. कुणी ठरवलं, कसं ठरलं, कर्ता नाही, कर्म नाही, आणि ही बाई तीस वर्षं पोरांना प्रयोग ओळखा शिकवत होती.

तिसरी आवृत्ती अशी तशी पाठवली. टूलनं ती एक्क्याण्णव टक्के युनिक ठरवली, मला ती एक टक्काही आवडली नव्हती, त्यात 'मने गुंफली जातात' असं कायतरी लिहिलेलं, मी लिहिलेलं. चौथीला शब्दच उरले नव्हते. दुसऱ्या भागाचं कामही त्याच यादीत होतं आणि ते बघून तर हात टेकले, त्याच्या नावातच 'लग्नाला यायचंच!' आहे. बदला आता हे. पत्रिकेवर सगळ्यात खाली एखाद्या तीन वर्षांच्या चिरंजीवाच्या नावानं छापतात ना, 'आमच्या काकाच्या लग्नाला नक्की यायचं हं', तो सूर. त्याचं 'विवाहास उपस्थिती अनिवार्य' केलं तर लोक घाबरून आहेर पोस्टानं पाठवतील.

रात्री साडेनऊला आईला फोन लावला. म्हटलं, 'आई, स्थळ हा शब्द न वापरता स्थळ नाकारलं हे कसं लिहायचं? सोयरीक, मागणी, सगळं वापरून झालं.'

'लग्नाला नाही म्हणाली असं लिही की सरळ.'

'लग्न पण झालं वापरून.'

'मग एवढे दिवस काय करत होतीस?' मग तिकडं जरा टीव्हीचा आवाज कमी झाला. 'ते तुझं जागाच काय वाईट होतं?'

'आई, जागा नाकारते म्हणजे फ्लॅट नाकारते असं वाटतं.'

'तुला वाटतं. मी नाकारलीच होती.'

मला कळेना. म्हटलं, 'काय नाकारली होतीस?'

'जागा. इस्लामपूरच्या गाडीत.' आणि मग, मी अडतीस वर्षांची आहे, मला हे तिनं पहिल्यांदा सांगितलं, तेसुद्धा असं की जणू रेशनकार्डाबद्दल सांगतेय. सकाळच्या गाडीला सांगली स्टँडवर मरणाची गर्दी असायची, गाडी फलाटाला लागायच्या आधीच लोक बाहेरनं खिडकीतून रुमाल टाकायचे, पिशवी टाकायचे, एकदा एकानं चप्पल टाकलेली. ती आपली साडी सावरत मागनं चढायची आणि आष्ट्यापर्यंत दांड्याला धरून उभी. एक दिवस चढली तर एका सीटवर रुमाल, निळ्या चौकड्यांचा, आणि शेजारी उभा एक माणूस, स्वतः बसलेला नाही, म्हणाला 'बसा, धरलीय तुमच्यासाठी'. 'तुमच्यासाठी कुणी सांगितलं होतं धरायला?' असं म्हणून ती बसली नाही. तोही बसला नाही. दोघं उभे, आणि मधे ती रिकामी जागा, रुमालासकट, भरलेल्या गाडीत. बायका बघतायत, कंडक्टर बघतोय, म्हणाला 'अहो कुणीतरी बसा'. कुणी बसलं नाही. दुसऱ्या दिवशी परत तेच.

'किती दिवस?'

'आठवडाभर तरी नाही बसले मी.'

'अकरा दिवस,' मागनं बाबांचा आवाज आला. म्हणजे ते ऐकत होते. टीव्ही बंदच झाला होता बहुतेक.

'अकरा नाही हो, मधे रविवार होता, दोन सुट्ट्या होत्या.'

'त्या धरूनच सांगतोय. रविवारी पण गेलो होतो मी स्टँडवर.'

ह्यावर आई काही बोलली नाही. मी पण नाही. रविवारचं तिला माहीत नसावं. मग ती एकदम शिक्षिकेच्या आवाजात म्हणाली, 'झालं का तुझं? लिहून घे. तो जागा धरतो, ती जागा नाकारते. शब्द मोज आता.'

मी वही ओढली. तेवढ्यात फोन बाबांनी घेतला असणार, कारण त्यांचा आवाज एकदम जवळून आला.

'खिडकीची होती. ते पण लिही.'